नारळ फुटताना सगळे असतात

परवा रात्री लाईट गेली. उकाड्यानं झोप येईना, म्हणून गच्चीवर बसून मोबाईलवर जुन्या मुक्या फिल्मा पाहत होतो. सव्वाशे वर्षांपूर्वीच्या, न्यूयॉर्कच्या. पालमच्या पत्रकाराला न्यूयॉर्कचं काय पडलंय, असं म्हणाल. त्याला कारण आहे, पुढं सांगतो. पोस्ट मोठी आहे. चहा घेऊन बसा.

न्यूयॉर्कमध्ये जमिनीखालून रेल्वे न्यायचं काम २४ मार्च १९०० ला सुरू झालं. तिथंही आपल्यासारखंच झालं. सिटी हॉलसमोर तोबा गर्दी, महापौर, भाषणं आणि पहिली माती उचलायला खास चांदीचं फावडं. नारळ तेवढा नव्हता. पुढं साडेचार वर्षांनी, २७ ऑक्टोबर १९०४ ला ती रेल्वे सुरू झाली. त्या उद्घाटनाची फिल्म एडिसनच्या कंपनीनं काढलेली आहे. उंच टोप्या, लांब कोट, पुढं पुढं करणारी माणसं. टोप्या काढून फेटे घातले तर आपल्याकडचाच कार्यक्रम वाटावा. एकदा पाहिली आणि विसरलो.

दुसरी फिल्म १९०५ ची. त्याच शहरात पेनसिल्व्हेनिया रेल्वेच्या भुयाराची खोदाई चालू होती, तिची. ह्या फिल्मेत पुढारी नाही, हार नाही. नुसता खड्डा आणि त्यात राबणारी माणसं. कोणीतरी कॅमेरा नेऊन खड्ड्याच्या काठावर ठेवला आणि हँडल फिरवत राहिला, बस्स. आवाज नाही, गाणं नाही, खाली नावाची पट्टी नाही. ही फिल्म मी तीनदा पाहिली.

तिसरी बिली बिट्झर नावाच्या कॅमेरामनची, तीही १९०५ ची. नव्या भुयारात एका गाडीच्या मागं दुसरी गाडी, तिच्यावर कॅमेरा. आत काळोख, तेव्हाच्या फिल्मेला तर लख्ख उजेड लागायचा. म्हणून शेजारच्या रुळावरून दिव्यांनी भरलेली तिसरी गाडी सोबत पळवली. जमिनीखाली काय केलंय हे वरच्या लोकांना दिसावं म्हणून एवढा खटाटोप.

आता कारण सांगतो.

मागच्या महिन्यात एक म्हातारे शेतकरी घरी आले. गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही, कारण त्यांना त्याच गावात राहायचंय. आपल्याच तालुक्यातले. सोबत बारावीतला नातू, त्याच्या हातात प्लास्टिकची पिशवी, पिशवीत कागद. चहा पुढं केला तर बाबा म्हणाले, "चहा ऱ्हाऊ द्या भाऊ. तुमी त्या दिशी शूटिंग करायलतात नं? आमच्या वड्यावर पुलाचा नारळ फोडला तवा?"

म्हटलं, हो.

"त्यात पाया दिसतो का पहा बरं."

प्रकरण असं. त्यांच्या शेताला लागून ओढा आहे. त्यावर पूल झाला. दुसऱ्याच पावसाळ्यात पुलाची बाजूची भिंत कलंडली, पाण्यानं वाट बदलली आणि बाबांची काही गुंठे जमीन खरडून गेली. आपल्याकडं "जमीन खरडून गेली" म्हणजे काय ते शेतकऱ्याला सांगावं लागत नाही. पीक गेलं तर पुढच्या साली येतं. माती गेली तर नातवाच्या वाट्यालाही येत नाही. नातवानं माहितीच्या अधिकारात अर्ज टाकून अंदाजपत्रक काढलं. त्यात पाया दोन मीटर. बाबा म्हणतात, "गुडघ्याइतकाच खांदला होता. म्या डोळ्यानं पाह्यलंय. आता हे म्हणायलेत की पूर लई मोठा होता म्हणून भिंत गेली. मी म्हणतो, पाया दावा. तर म्हणतात, पाया जमिनीत अस्तो, कसा दावावा?"

बरोबरच आहे. पाया जमिनीत असतो. एकदा काँक्रीट पडलं, माती ढकलली, की खाली काय आहे हे फक्त दोघांना माहीत. एक खोदणारा आणि दुसरा मोजमाप पुस्तिकेत आकडा लिहिणारा.

मी जुनी हार्ड डिस्क काढली. त्या भूमिपूजनाचा व्हिडिओ सापडला. अकरा मिनिटांचा. आम्ही तिघांनी मिळून शेवटपर्यंत पाहिला. पहिली तीन मिनिटं गाड्या येतात. मग सत्कार, शाल, श्रीफळ. मग भाषण. मग कुदळ मारायचा फोटो. तो दोनदा काढला, कारण पहिल्या वेळी कोणीतरी मधी आलं होतं. शेवटी अल्पोपहार. अकरा मिनिटांत जमीन दिसते ती कुदळीखालची, तळहाताएवढी. तीही कुंकवानं लाल झालेली. कामाचा फलक मागं होता, त्याच्यापुढं माणसं उभी. रक्कम नाही दिसत, मुदत नाही दिसत, गुत्तेदाराचं नाव अर्धंच दिसतं.

बाबांनी विचारलं, "संपलं का?"

म्हटलं, "संपलं बाबा."

ते काही बोलले नाहीत. मग चहा घेतला.

त्यांना मी जे सांगितलं नाही ते इथं लिहितो. तो खड्डा मी पाहिला होता. भूमिपूजनानंतर आठ-दहा दिवसांनी त्याच रस्त्यानं जात होतो. जेसीबी चालू होता, बायामाणसं टोपल्यानं माती ओढत होती. गाडी हळू केली, पण थांबलो नाही. भूमिपूजनाच्या जाहिरातीचे पैसे यायचे बाकी होते आणि डोक्यात तेच होतं. गावच्या पत्रकाराचं घर कशावर चालतं हे तुम्हाला माहीत आहे. पगार नसतो, जाहिरातीचं कमिशन असतं. जाहिरात कोण देतं? नारळ फोडणारा देतो. खड्ड्यात टोपलं उचलणारी बाई जाहिरात देत नाही. म्हणून माझ्या हार्ड डिस्कमध्ये पंधरा वर्षांचे नारळ आहेत आणि खड्डा एकही नाही.

त्या रात्रीपासून मी हे शोधायला लागलो, की खड्ड्याची फिल्म जगात कोणी काढली होती का आणि का काढली.

तर न्यूयॉर्कला भुयाराचं काम सुरू झालं तेव्हा तिथल्या रेल्वे आयोगानं फोटोग्राफर कामाला लावले. त्यांतला एक पिअर पुलिस. आडनावच पुलिस, आणि कामही तसंच, पंचनाम्याचं. तो रस्तोरस्ती फिरून खोदाईचे फोटो काढायचा. ते भुयार बहुतेक ठिकाणी रस्ता उघडा खोदून, आत पेटीसारखं बांधकाम करून, वरून पुन्हा झाकून केलेलं. खोदाई लोकांच्या दारातच. उद्या एखादा म्हणाला, तुमच्या खोदाईनं माझी भिंत तडकली, तर ती भिंत आधी कशी होती याचा पुरावा हवा. म्हणून फोटो. हौस म्हणून नाही, सोहळा म्हणून नाही. भांडण झालं तर कामाला यावेत म्हणून. आज त्या फोटोंना लोक इतिहास म्हणतात. काढले तेव्हा तो नुसता पुरावा होता.

अमेरिकेतलंच सिनसिनाटी शहर घ्या. तिथं भुयारी रेल्वेचं काम १९२० च्या जानेवारीत सुरू झालं. लोकांनी मतदान करून कर्ज उभारायला मंजुरी दिली होती ती १९१६ मध्ये. मधी महायुद्ध झालं, भाव वाढले, पैसा पुरेना. १९२७ मध्ये काम थांबलं ते थांबलंच. त्या भुयारातून आजतागायत एकही प्रवासी गेलेला नाही. पुढं त्यातून पाण्याची मोठी पाईपलाईन टाकली. अर्धवट काम आपल्याकडंच राहतं असं समजू नका. फरक एवढाच, की त्या खोदाईचे हजारो फोटो तिथल्या विद्यापीठात नीट ठेवलेत. काम कुठवर आलं होतं आणि कुठं थांबलं, हे आजही पाहता येतं. आपल्याकडं अर्धवट कामाचा फलकसुद्धा दोन वर्षांत कोणीतरी गोठ्याच्या छपरावर टाकतं.

आणि १९०५ ची फिल्म माझ्या मोबाईलपर्यंत आली कशी, तर एका सरकारी नियमामुळं. त्या काळी अमेरिकेत फिल्मेवर हक्क नोंदवायला वेगळा कायदाच नव्हता, तो १९१२ मध्ये आला. तोवर कंपन्या फिल्मेतलं एकेक चित्र कागदाच्या लांब पट्टीवर छापायच्या आणि फोटो म्हणून त्यांच्या राष्ट्रीय ग्रंथालयात जमा करायच्या. मूळ फिल्मा नासल्या, जळाल्या, हरवल्या. कागदाचे गुंडाळे गोदामात पडून राहिले. पुढं त्यांच्यावरून पुन्हा फिल्म तयार केली. सुमारे ३,००० फिल्मा अशा वाचल्या. कोणाला कलेची कदर होती म्हणून नाही. जमा करायचा नियम होता आणि तो पाळला गेला म्हणून.

आपल्याकडं माणसं कमी नव्हती. ७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात पहिल्यांदा हलती चित्रं दाखवली. त्यात गाडी स्टेशनात येते, कामगार कारखान्यातून बाहेर पडतात, भिंत पाडतात, असली रोजची कामं होती. ते पाहून आपले हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी विलायतेहून कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनला कुस्ती लावून तिचं चित्रण केलं. १९०१ मध्ये रँग्लर परांजपे परत आले त्यांच्या स्वागताचं केलं. आज सावेदादांचं त्यातलं काहीही पाहायला मिळत नाही. आपल्या देशात तेराशेच्या आसपास मूकपट झाले म्हणतात. हाती राहिले ते तीसही नाहीत. २००३ च्या जानेवारीत पुण्यात फिल्मांच्या गोदामाला आग लागली, त्यात जुनी रिळं गेली ती वेगळीच.

दादासाहेब फाळक्यांची गोष्ट मला सगळ्यात जवळची वाटली. 'राजा हरिश्चंद्र' १९१३ चा, ते सगळ्यांना माहीत आहे. पण त्याला पैसा हवा होता. लंडनहून कॅमेरा आला, आता सावकाराला काय दाखवायचं? फाळक्यांनी कुंडीत बी पेरलं आणि समोर कॅमेरा लावला. रोज थोडी थोडी फिल्म घेत गेले. बी फुटतं, कोंब वर येतो, वेल वाढते. महिनाभराची वाढ मिनिटाभरात. 'अंकुराची वाढ' म्हणतात तिला. ती पाहून पैसे देणाऱ्याचा विश्वास बसला.

पहा, फाळक्यांनी पेरणीच्या मुहूर्ताची फिल्म नाही काढली. पैसे मागायचे तर काम कसं वाढतं ते दाखवावं लागतं, हे त्यांना कळत होतं. आपण तर सरकारला पैसे आधीच दिलेत, टॅक्समधून. मग वाढ बघायचा हक्क आपला नाही का?

तुम्ही म्हणाल, भाऊ, आता सगळं ऑनलाईन आहे, फोटोशिवाय बिल निघत नाही. खरं आहे. रोजगार हमीच्या कामाला सुरू होण्याआधी, चालू असताना आणि झाल्यावर असे तीन टप्प्यांचे फोटो लागतात, जागेच्या खुणेसकट. मजुरांची हजेरीही फोटो काढून ॲपवर टाकायची. नियम चांगला. पण २०२५ च्या जुलैत केंद्राच्या ग्रामविकास मंत्रालयालाच राज्यांना पत्र लिहून सांगावं लागलं, की कामाशी संबंध नसलेले फोटो टाकले जातायत, फोटोचाच पुन्हा फोटो काढून टाकला जातोय. कॅमेरा सगळीकडं पोचला. त्याच्यामागं उभा कोण आहे, हा प्रश्न तसाच राहिला.

मुंबईच्या भुयारी मेट्रोचं उदाहरण घ्या. कुलाबा ते आरे, साडेतेहतीस किलोमीटर. भुयार खोदायला जी मोठी यंत्रं आणली त्यांना आपल्या नद्यांची नावं दिली होती. वैनगंगा, कृष्णा, तापी, गोदावरी. २४ सप्टेंबर २०१८ ला वैनगंगा नावाचं यंत्र विमानतळाजवळ भिंत फोडून पलीकडं निघालं. त्या क्षणाचं चित्रण सगळ्या चॅनलवर होतं. भिंत फुटते, धूळ उडते, हेल्मेटवाले कामगार ओरडतात, हात वर करतात. ते पाहून मलाही बरं वाटलं होतं. रिबीन नाही, पण काम दिसतंय.

अभिमान वाटला, तसं वाईटही वाटलं. गोदावरी नावाचं यंत्र मुंबईच्या पोटात शिरून बाहेर आलं. आणि खऱ्या गोदावरीच्या काठी, आपल्या तालुक्यात, लेंडीला पूर आला की फळा, आरखेड, सोमेश्वर, उमरथडीकडचा रस्ता तुटतो. ही बातमी मी इतक्या वेळा लिहिलीय की दरवर्षी फक्त तारीख बदलली तरी चालेल. पालमला रेल्वे नाही. मग भुयारी रेल्वे तर सोडाच. भुयारी म्हटलं की आपल्याला आठवतो तो रुळाखालचा पूल, ज्याच्यात पावसाळ्यात कमरेइतकं पाणी साचतं आणि ट्रॅक्टर मधीच बंद पडतो.

मेट्रो मागत नाही मी. एवढंच म्हणतो की जमिनीखालचं काम मुंबईत हजारो कोटींचं असो नाही तर आपल्या ओढ्यावर काही लाखांचं, झाकायच्या आधी कोणीतरी पाहिलं पाहिजे. मुंबईत पाहायला चॅनल आहेत. इथं मी आहे, तुम्ही आहात.

आता पुढचं. पडलेल्या भिंतीचं काम या उन्हाळ्यात पुन्हा निघालं. यावेळी नारळ फुटला नाही, दुरुस्तीला कोण नारळ फोडतं? नातवाचा फोन आला, "काका, खड्डा खांदायलेत." मी गेलो. गुत्तेदाराचा माणूस जवळ आला, म्हणाला, "भाऊ, चहा सांगू का?" म्हटलं, सांगा, पण हा टेप जरा धरा. तो हसला. टेप नातवानं धरला. खड्ड्याच्या तळापासून वरपर्यंत. आकडा दिसेल असा मोबाईल जवळ नेला. मग फलक, पूर्ण, कोणी पुढं उभं न राहता. मग सळई, जाडी दिसेल अशी. मग काम करणारी माणसं, त्यांना विचारून. चार मिनिटं. गाणं टाकलं नाही, बोललोही नाही. मी बोललो असतो तर पुन्हा माझाच व्हिडिओ झाला असता.

पाया यावेळी किती निघाला? दोन मीटरला थोडा कमी. कॅमेरा होता म्हणून एवढा निघाला की त्यांनी स्वतःहून घेतला, ते मी सांगू शकत नाही. बाबांची गेलेली माती त्यानं परत येणार नाही, आणि पहिल्या पायाचा पुरावा आजही नाही. तो अर्ज तसाच फिरतोय. ही पोस्ट वाचून कोणाला वाटेल की पत्रकारानं न्याय मिळवून दिला, तर तसं काही झालेलं नाही. उशीर झाला, आणि त्यातला निम्मा माझा आहे.

तो चार मिनिटांचा व्हिडिओ पेजवर टाकला होता. शंभरही लोकांनी पाहिला नाही. भूमिपूजनाचा टाकला की हजारात जातो. चालायचंच. १९०५ चा खड्डा तरी तेव्हा किती जणांनी आवडीनं पाहिला असेल?

तुम्हाला एकच विनंती. तुमच्या गावात, गल्लीत रस्ता, नाली, पूल, शाळेची खोली, काहीही निघू द्या. भूमिपूजनाला गेला नाहीत तरी चालेल. पण खड्डा उघडा असेल त्या दिवशी पाच मिनिटं जा. कामाचा फलक घ्या. फलकच नसेल तर नसलेली जागा घ्या. टेप नसेल तर आपली काठी उभी धरा, काठी नंतर मोजता येते. तारीख सांगा आणि गप्प राहा. भांडायचं नाही, कोणाला चोर म्हणायचं नाही. गुत्तेदार चांगला असेल तर तो व्हिडिओ उद्या त्याच्याच कामाला येईल. एक प्रत स्वतःकडं ठेवा, एक दुसऱ्या कोणाकडं. माझ्याकडं पाठवली तर मी जपून ठेवीन. हार्ड डिस्कमधले नारळ पुसून जागा करतोय. बाबांच्या ओढ्यावरचा तेवढा ठेवलाय. पुसायचा धीर झाला नाही.

येत्या गुरुवारी शेजारच्या गावात एका पुलाचं भूमिपूजन आहे. निमंत्रण आलंय, जाहिरातही आलीय. जाणार आहे, खोटं कशाला बोलू. फक्त गुत्तेदाराला आत्ताच फोन करून विचारून ठेवलं, खड्डा कोणत्या दिवशी?

तो म्हणाला, "खड्ड्याला कशाला येता भाऊ, तिथं काय असतंय?"